तारीख ताजी ठेवलेला फोटो

पंचवटीत, रामकुंडाकडं उतरणाऱ्या एका बोळात रंगनाथचं फोटोचं दुकान होतं. लग्नंही तो घ्यायचा, पण धंदा चालायचा तो मेलेल्यांवर. दहाव्याला घाटावर फोटो लागतो, आणि जिवंतपणी तो काढून ठेवायचं फारसं कुणाला सुचत नाही. मग सुरगाण्याहून जीपनं आलेली माणसं जत्रेतला घोळक्याचा फोटो पुढं करत. "ह्यो मागचा, टोपीवाला." रंगनाथ टोपीवाल्याला घोळक्यातून वेगळा काढी, फेटा चढवी, मागं निळं आभाळ लावी. इतकं मोकळं आभाळ बऱ्याच जणांना हयातीत मिळालेलं नसे.

अठ्ठ्याण्णव साली त्यानं कॉम्प्युटर घेतला. डिस्क लहान, अधूनमधून जागा संपल्याची पाटी यायची. मग रंगनाथ 'फाइंड' उघडी आणि वर्षाहून जुन्या, आकारानं मोठ्या फायली शोधायला सांगे. मागच्या सालचे मेलेले एका रांगेत हजर होत. नावं न वाचता तो सगळे निवडी आणि शिफ्ट दाबून डिलीट करी, म्हणजे ते कचरापेटीतही जागा अडवत नाहीत. त्याचा सिद्धांत साधा होता: वर्षश्राद्ध झालं की फोटो मागायला कुणी येत नाही. तो खोटा ठरवायलाही कुणी आलं नाही.

दोन हजार साली त्याची बायको मोहिनी काविळीनं गेली, तेव्हा कळलं की फोटोवाल्याच्या घरात तिचा एकही फोटो नाही. ती कधी म्हणालीच, तर हा म्हणायचा, "तू कुठं पळून चाललीस?" शेवटी नामपूरच्या एका लग्नाच्या अल्बमात, पंगतीत वाढताना ती सापडली. तेवढा चेहरा स्कॅन करून त्यानं अल्बम ज्याचा त्याला परत केला.

वर्ष भरत आलं, तशी अडचण उभी राहिली. फाइंडच्या रांगेत आता मोहिनीही येणार, आणि त्याचा हात तर नावं वाचत नाही. रंगनाथनं फोटो उघडला, पुन्हा सेव्ह केला. तारीख ताजी झाली. तेव्हापासून दर सफाईआधी हे ठरून गेलं.

शेजारचा फ्रेमवाला वाल्मीक म्हणाला, "येड्या, दुसऱ्या फोल्डरात टाक की!"

"मग उघडायचं राहून जाईल."

"सीडी कर."

"ती कपाटात जाईल. कपाट कोण उघडतं?"

पण काही बदल केल्याशिवाय प्रोग्रॅम सेव्ह करू देत नाही. म्हणून रंगनाथ दर वेळी थोडं काहीतरी करी. एकदा उडालेली बट बसवली, एकदा डोळ्यांखालचं काळं काढलं, एकदा कुंकू गोल केलं. फोटो वारंवार सेव्ह केला की पुसट होतो, हे गिऱ्हाइकांना तोच बजावत असे.

दोन हजार आठमध्ये मुलीचं, तृप्तीचं लग्न ठरलं. देवकाजवळ आईचा फोटो हवा, म्हणून ती दुकानात आली. तिनं स्क्रीनकडं बराच वेळ पाहिलं.

"पप्पा, ही कोण?"

"कोण म्हणजे? तुझी आई."

"हापशाचा दांडा लागलेला व्रण कुठाय? भुवईवरचा?"

रंगनाथ खुर्चीत पुढं सरकला. कपाळ गुळगुळीत होतं. डाग दिसला की काढायचा, ही हाताची सवय. कधी काढला ते त्याला आठवेना.

"नामपूरचा अल्बम आणू का?"

"मागंच विचारलंय. बुरशी धरली त्याला." त्यानं ब्रश घेतला. "थांब, परत काढतो. कुठल्या बाजूला?"

"डाव्या." तिनं स्वतःच्या भुवईला बोट लावून पाहिलं. "मी समोर बसायचे, तेव्हा माझ्या डाव्या हाताला... का वेणी घालताना आरशात दिसायचा तो?"

त्यानं डावीकडं व्रण काढला. दोघांनी पाहिला. पुसून उजवीकडं काढला. तोही खरा वाटला.

"तुम्हाला माहीत नाही?" तृप्तीनं विचारलं.

रंगनाथनं तोही पुसला आणि फाइल बंद करायला घेतली. बदल सेव्ह करायचे का, असं कॉम्प्युटरनं विचारलं. त्यानं पहिल्यांदाच 'नो' दाबलं. तारीख जुनीच राहिली.

देवकाजवळ नुसता हार ठेवला. लग्नाचे फोटो मावेनात, तेव्हा जागा संपल्याची पाटी आली. रंगनाथनं फाइंड उघडलं. रांग आली. या वेळी मात्र तो एकेक नाव वाचत बसला.