धुतलेली बासरी

"प्लास्टिक नव्हतं ते, आई."

"मला काय माहीत गं? चिकटपट्टीचा तुकडा वाटला. ओलं फडकं लागल्याबरोबर आपला आपण सुटला."

"फडकं नाही. बासरीच्या आतपण पाणी आहे."

"बरं, नळाखाली धरली. खंडेनवमीला हत्यारं काय धुळीसकट पुजायची? श्रीनाथचं ड्रिल पुसलं, विळी घासली, अंतराची कंपासपेटी धुतली. तुझंच तेवढं कसं वगळू? उद्या मनात म्हणाली असतीस, सगळ्यांचं पाटावर ठेवलं, माझं नाही."

"मी असं कधी म्हणते?"

"म्हणत नाहीस. तोंडाने काहीच म्हणत नाहीस, म्हणून तर मला अंदाज करावा लागतो."

"तो तुकडा कुठे आहे?"

तुकडा केरात गेला होता. केराची पिशवी अंतराने सकाळीच लिफ्टशेजारच्या च्यूटमध्ये सोडली होती, अकराव्या मजल्यावरून थेट तळाला. पाटावरच्या लाल कापडावर विळी आणि ड्रिल यांच्या मधोमध ती लांब, जाड बांबूची बासरी पडली होती. तिला हळदीकुंकू लावलेलं, वर झेंडूचं एक फूल. तोंडाचं भोक आणि बोटांची भोकं यांच्यामध्ये आणखी एक भोक होतं, ते आता उघडं पडलं होतं.

"यल्ला, खलास करा दोघी," श्रीनाथ पेपराआडून म्हणाला. "गुरुवार आहे, सुट्टी आहे. एक छोटा पीस ही तो था. कोरियाहून दुसरा मागवू कुरियरने. किती लागतील, दोनशे दिरहॅम? म्हणजे सव्वीसशे रुपये. डन."

"तो मिळत नाही," ओक-सून म्हणाली. "तो माझ्या बाबांनी लावला होता."

तिने फूल उचलून पाटावर ठेवलं, बासरी उचलली आणि आतल्या खोलीत जाऊन दार लावून घेतलं. दार आपटलं असतं तर सुलक्षणाबाईंना बरं वाटलं असतं.

ओक-सूनचं नाव ऐकून रत्नागिरीला पहिल्यांदा आनंदच झाला होता. त्र्याण्णव साली श्रीनाथने दुबईहून फोन करून लग्नाचं सांगितलं तेव्हा लाइनीवर खरखर फार होती. "ओक? म्हणजे आपल्यातलीच," असं त्याचे वडील म्हणाले आणि लेल्यांच्या आळीत पेढे वाटले गेले. मग फोटो आला. वडील त्या फोटोबद्दल मरेपर्यंत एक अक्षर बोलले नाहीत. ते गेल्यावर, नव्व्याण्णवमध्ये, सुलक्षणाबाई शारजाला मुलाकडे राहायला आल्या. अल मजाजच्या फ्लॅटचं दार उघडणाऱ्या बाईला त्यांनी नीट न्याहाळलं आणि म्हणाल्या, "नावातच सून आहे. मला वेगळी हाक शोधायला नको." हा विनोद होता हे ओक-सूनला वर्षभराने कळलं. तोवर ती सासूकडून मराठी शिकली होती, आणि सासूसारखीच 'हो तर' म्हणू लागली होती.

तिचा जन्म कोरियाच्या दक्षिणेकडच्या एका लहान बेटावरचा, एकसष्ट सालचा. बाप भातशेती करायचा आणि बासरी वाजवायचा. तिकडे त्या बासरीला तेगुम म्हणतात. त्या मधल्या भोकावर बोरूच्या आतला पापुद्रा चिकटवतात. तो कांद्याच्या सालीहून पातळ असतो. उन्हाळ्याच्या तोंडाला चार-सहा दिवसच तो बोरूतून अखंड निघतो, आधी काढला तर विरतो आणि नंतर फाटतो. वाजवताना तो थरथरला की सुराच्या पाठीमागून दुसरा आवाज येतो, घोगरा, कोणीतरी बोलायच्या बेतात असल्यासारखा.

बाप मैफली करत नव्हता. बेटावर कोणी मेलं की त्याला बोलावणं यायचं. मेलेल्या माणसाचे कपडे चटईत गुंडाळून ती वळकटी उभी करायची, वर वाडगा ठेवायचा, आणि पूजा सांगणारी बाई केरसुणीने तिला तीन पाण्यांनी धुवायची. धुणं चालू असेतो बासरी थांबता कामा नये. तसं केलं की माणूस मोकळा होतो, नाहीतर घरातच घुटमळतो. वर्गातल्या मुली ओक-सूनशेजारी बसत नसत. हिच्या अंगाला मढ्याचा वास येतो म्हणत. ती शिष्यवृत्ती मिळवून सोलला गेली आणि चांदीची, पाश्चात्त्य बासरी शिकली. एका वाद्यवृंदात तिला सात वर्षं बदलीवर ठेवलं, कायम कधीच केलं नाही. एक्क्याण्णवमध्ये एका एजंटने दुबईच्या हॉटेलात नोकरी लावून दिली. लॉबीत पियानो, चेलो आणि बासरी, रोज चार ते आठ. दहा वर्षांत पियानोवाला चार वेळा बदलला, चेलोवाला तीन वेळा. ती राहिली. लोक चहा पीत, फोनवर बोलत, कधीकधी कोणी वाढदिवसाचं गाणं मागत. वरच्या एसीच्या झोतात तिचे सुरावटीचे कागद उडत म्हणून तिने तक्रार केली, तेव्हा जाळी बदलायला आलेला कॉन्ट्रॅक्टर म्हणजे श्रीनाथ.

अठ्ठ्याण्णवच्या डिसेंबरात बाप गेला. मॅनेजर चांगला माणूस होता. म्हणाला, दोन आठवडे थांब, रमझान लागला की लॉबीतलं म्युझिक बंदच असतं, मग महिनाभर जा. ती थांबली. तेवढ्यात भावाने सगळं उरकलं. भाऊ चर्चवाला झालेला. त्याने प्रार्थना केली, धुणं वगैरे अंधश्रद्धा आहे म्हणाला, आणि आता येऊन काय करणार असंही. ती गेली नाही. दोन महिन्यांनी पार्सलने बासरी आली, बापाने लावलेल्या पापुद्र्यासकट.

तेव्हापासून ती रोज दुपारी, हॉटेलात जाण्याआधी, ती बासरी अर्धा तास वाजवायची. पापुद्रा कोरडा पडू नये म्हणून एसी बंद करायची आणि घामाने निथळत बसायची. सुलक्षणाबाईंना ते वाजवणं आवडत नव्हतं. "फुटक्या बासरीतून वाजवते," असं त्या रत्नागिरीला फोनवर सांगत. खंडेनवमीला पापुद्रा निघाला तेव्हा त्यांच्या मनात हेही आलं होतं की आता तरी सूर स्वच्छ येईल.

त्यानंतर चार दिवस बासरी वाजली नाही. ओक-सून स्वयंपाक करी, अंतराचा अभ्यास घेई, हॉटेलात जाई. सोमवारी दुपारी सुलक्षणाबाई पडल्या होत्या. डोळा लागतो न लागतो तोच आतल्या खोलीतून आवाज आला. सूर नव्हता. सुराच्या पाठीमागचा तो घोगरा आवाज, एकटाच. त्यांना हायसं वाटलं. नवा तुकडा लावला वाटतं पोरीने. त्यांनी चहा टाकला, आलं जरा जास्तच किसलं, आणि कप घेऊन दार ढकललं.

खोलीत कोणी नव्हतं. बासरी कपाटावर कापडात गुंडाळलेली होती. तेव्हा त्यांना आठवलं की सोमवारी हॉटेलात तालीम असते, सून बारालाच गेली.

शाळेतून आलेल्या अंतराने दप्तर टाकलं आणि आजीचं तोंड पाहिलं. "यू हर्ड इट टू?" ती म्हणाली.

"काय टू? मराठीत बोल."

"दॅट साउंड. एव्हरी डे, आजी. आय थॉट इट वॉज मम्मा."

संध्याकाळी श्रीनाथने स्टूल घेतलं, एसीची जाळी उतरवली, डक्टमध्ये टॉर्च मारला. "पत्रा लूज असतो आई. कॉमन प्रॉब्लेम." पत्रा घट्ट होता. त्याने पंखा बंद केला, मग फ्लॅटचा मेन स्विच पाडला. फ्रिजसुद्धा गप्प झाला, तो आवाज मात्र नाही. स्टुलावर उभा राहून तो बराच वेळ ऐकत होता. मग उतरला, हात धुतले, आणि खालच्या टॉवरचं काम बघून येतो म्हणून गेला. स्टूल तिथेच राहिलं.

ओक-सून नऊच्या सुमारास आली. सुलक्षणाबाईंनी तिला बूट काढू दिले नाहीत.

"तुझ्या बापाचं तुम्ही काय केलंत?"

"काय म्हणजे?"

"दिवस. तेरावा. तुमच्यात जे असेल ते."

ओक-सूनने भिंतीला टेकून सगळं सांगितलं. चटई, वाडगा, तीन पाणी. मराठी शब्द अडला की हाताने दाखवत होती.

"म्हणजे गावातल्या सगळ्यांना त्याने पोचवलं आणि त्याला कोणी नाही?"

"नाही."

"आणि मी ती बासरी तशीच पाण्याखाली धरली." त्या खाली बसल्या. "अर्धवट उठवला गं मी त्याला."

"तुम्ही नाही, आई. तो तीन वर्षं आहे. पापुद्रा होता तोवर मला वाटायचं की मी वाजवते म्हणून तो बोलतो. मला ते आवडायचं. तो मला बोलवत नव्हता. तो बेटावर जा म्हणून सांगत होता."

दुसऱ्या दिवशी सकाळी नाश्त्याला श्रीनाथने तोडगा आणला. रात्रभर विचार केलेला दिसत होता. "हे बघ, तू जायलाच पाहिजे, आय अ‍ॅग्री. फक्त तीन आठवडे थांब. रमझान लागतोय. लॉबीत म्युझिक बंद, रजा आपोआप मिळेल, मॅनेजरशी वाकडं घ्यायला नको. इन्शाल्ला डिसेंबरमध्ये परत. कोणाला प्रॉब्लेम नाही."

ओक-सूनने त्याच्याकडे पाहिलं. सुलक्षणाबाईंनी पोळी ताटात तशीच ठेवली.

"मागच्या वेळी मॅनेजरने हेच सांगितलं," ओक-सून म्हणाली.

"तेव्हाची गोष्ट वेगळी होती."

"हो तर."

ती उठली, अंतराच्या डब्याचं झाकण लावलं, तिला बसपर्यंत सोडून आली, आणि नेहमीपेक्षा चार तास आधी हॉटेलात गेली. दुपारी वाजवायच्या वेळेला परत आली. श्रीनाथ साइटवर न जाता घरीच बसला होता. सुलक्षणाबाई आतल्या खोलीच्या उंबऱ्यात खुर्ची टाकून जपाची माळ ओढत होत्या. आतला आवाज त्या तिघांनाही ऐकू येत होता.

"उद्या सकाळचं विमान आहे," ओक-सून म्हणाली. "पूजा सांगणाऱ्या बाईंशी बोलले, त्यांनी शनिवार दिलाय. भावाला कळवलंय, त्याला यायचं तर येईल. हॉटेलने रजा दिली नाही, म्हणून नोकरी सोडली. अंतराची बस साडेसहाला येते, तिला श्री सोडेल."