नांदत्या घरांचा नकाशा

औषधांचं दुकान पालीत काढावं की लांज्यात, हे विचारायला मी दुकानांसाठी जागा सुचवणाऱ्या एका गृहस्थांकडे जायचो. संगणकावर उपग्रहाचा नकाशा उघडून ते एकेक घर रंगवत बसलेले असत, डोळे अर्धे मिटून, जणू त्या छपरांवरून तरंगत चाललेत.

"नुसती छपरं मोजाल तर फसाल हो," ते म्हणायचे. "निम्मी माणसं मुंबईला. गणपतीपुरती दारं उघडतात."

म्हणून ते स्कूटरवरून वाडीवाडीत जाऊन दोरीवर कपडे वाळताहेत का, ते बघून यायचे. नांदतं घर हिरवं, बंद घर करडं.

शेवटी त्यांनी लांजा सांगितलं. उठता उठता पालीजवळच्या एका करड्या वाडीत मला एकच हिरवं घर दिसलं.

"इथे कोण राहतं?"

"कोणी नाही," ते म्हणाले. "आमचं आहे ते."