बटणाभोवतीचा डाग

चहा उतू गेला की त्या करपट वासाने मला मॉन्ट्रियलचा स्टुडिओ आठवतो आणि अजूनही पोटात दुखतं.

दोन हजार पाच-सहाच्या सुमाराला एका सिनेमासाठी तिथे पुण्यातलं स्वयंपाकघर उभारायचं होतं. प्रॉडक्शन डिझायनर पोलंडचा मारेक आणि त्याच्या हाताखाली मी, तिथेच स्थायिक झालेला मूळचा पुण्याचा आर्किटेक्ट. ओटा, मांडणी, खिडकी, सगळी मापं माझी. मारेकने भारत पाहिलाही नव्हता. शेवटच्या दिवशी तो उकळलेला काळा चहा आणि फडकं घेऊन आला आणि दाराजवळच्या दिव्याच्या बटणाभोवतीची भिंत मळवत बसला. “माझ्या आईचे हात कायम पिठाचे असायचे,” एवढंच म्हणाला.

संध्याकाळी मला न्यायला बायको आली. त्या स्वयंपाकघरात ती ओट्यावरून हात फिरवत एक फेरी मारून आली.

“ओटा जमलाय ना?” मी विचारलं.

“हो, जमलाय की,” ती म्हणाली आणि निघताना, न बघता, सवयीने तिने ते वायर नसलेलं बटण बंद केलं.

मारेक पुढे मोठमोठे सिनेमे करत गेला, बक्षिसं मिळवत गेला. त्याचं मला काही वाटत नाही. पण पुढे आम्ही टोरांटोजवळ ओकव्हिलला घर बांधलं, त्याचा प्लॅन मी स्वतः काढलाय, आणि तिथे बायको अजून अंधारात बटण चाचपडते.