अर्जदार समक्ष हजर

त्या दुपारची घटना माझ्या मनातून अजून गेलेली नाही. मी तेव्हा पुण्यातल्या एका पोलीस ठाण्यात निरीक्षक होतो. ठाणे अंमलदाराने फोन माझ्याकडे दिला. पलीकडचा माणूस नाव सांगेना. म्हणाला, "पेन्शनच्या कार्यालयात एक मेलेला माणूस सही करायला बसलाय. लवकर या, नाहीतर त्यांची जेवणाची सुट्टी सुरू होईल."

कार्यालयात साठीचा एक माणूस होता. सोबत ठसठशीत कुंकू लावलेली बाई. त्याने सांगितले ते असे: पाणीपुरवठा खात्यातून निवृत्त झाल्यावर खात्याने जुन्या वेतनवाढीचा वाद काढून त्याचे पेन्शन अडवले. तो कोर्टात गेला, अनेक वर्षे तारखांना येत राहिला आणि अखेर जिंकला. थकबाकीसाठी अर्जदाराने समक्ष हजर राहावे, असे खात्याने कळवले होते.

ठाण्यात आणून दोघांची वेगवेगळी चौकशी केली. जबाबात फरक पडेना. खात्यातल्या साहेबांची नावे, वकिलांच्या सवयी, तो सगळे बिनचूक सांगत होता. शेवटी मी बाईंना त्याच्याच खोलीत आणायला सांगितले. महिला शिपाई त्यांना घेऊन दारात आली, तसा तो झटकन उठला. खुर्ची त्यांच्याकडे सरकवून स्वतः भिंतीशी उभा राहिला. बायको आत आली म्हणून उठून उभा राहणारा नवरा मी त्या पिढीत पाहिला नव्हता.

मी विचारले, "या तुमच्या वहिनी ना?"

बाईच म्हणाल्या, "बसा भाऊजी. झालं आता."

त्यांचा नवरा, म्हणजे थोरला भाऊ, निकालाच्या थोडे आधीच गेला होता. आजार वाढला तेव्हा घरात उपचारापुरतेही काही नव्हते. धाकटा भाऊ कारखान्यात होता, एकटाच होता. त्याच्या विमा कार्डावर, त्याच्याच नावाने थोरल्याला दवाखान्यात दाखल केले. तिथे तो गेला. मृत्यूचा दाखला धाकट्याच्या नावाने निघाला.

"म्हणजे कागदावर तुम्ही गेलात," मी म्हणालो.

"हो साहेब. नोकरीपण गेली. मेलेल्याला कोण कामावर ठेवतंय?"

दोघे स्वारगेटची खोली सोडून येरवड्याच्या बाजूला राहायला गेले. निकाल लागला आणि धाकटा थोरला झाला.

मी बाईंना म्हणालो, "अहो, ते गेले तरी हक्क तुमचाच होता. खरं सांगून वारस म्हणून अर्ज करायचा."

"त्यांच्याबरोबरचे एक जण असेच गेले. त्यांची बायको तोच अर्ज घेऊन फिरतेय. अजून फिरतेय." मग हलकेच म्हणाल्या, "मी रडलेसुद्धा नाही साहेब. कुंकू लावून कशी रडू?"

मी गुन्हा नोंदवला. तोतयेगिरी आणि फसवणूक, दुसरे काही करता येण्यासारखे नव्हते. वारसाचा अर्ज त्यांनी मग केलाच. पण खात्याने आमच्याच गुन्ह्याचा आधार घेऊन रक्कम पुन्हा थांबवली. ज्यांनी ती पहिल्यांदा अडवली होती, त्यांच्यावर कोणते कलम लागते का, ते मी शोधून पाहिले. सापडले नाही.

खटला उभा राहायच्या आधीच धाकटाही वारला. बाईंचा ठाण्यात फोन आला. "साहेब, स्मशानात नाव विचारतायत. भाऊजींच्या नावाचा दाखला तर आधीच निघालाय. कोणाचं सांगू?"

मी म्हणालो, "खरं सांगा."

"आणि ते मानतील?"

मी हवालदाराला पत्र देऊन पाठवले, तेव्हा अग्नी दिला गेला. थकबाकी बाईंच्या हयातीत आली नाही, एवढे मला नंतर कळले.

गुन्हा उघडकीला आणणे म्हणजे न्याय होणे, असे मी उमेदीच्या काळात मानत असे. या प्रकरणानंतर मानले नाही. गेल्या वर्षी माझी पत्नी गेली. घरात सगळे मोकळेपणी रडले, मीही रडलो. कोणी आम्हाला थांबवले नाही. दाराशी शेजारी उभे होते आणि मला सारखी ती कुंकू लावलेली बाई दिसत होती.