म्हणणे ऐकून घेतले

आम्ही तिघं वकील, अंधेरीत एका छोट्या ऑफिसात बसतो. जमिनीची कामं करतो. संध्याकाळी कुणी तरी महसूल कार्यालयातून परत येतं आणि म्हणतं, "आज काय झालं ऐक." असे किस्से साचतच जातात. आधी हसू येतं, मग डोकं फिरतं. त्यातही जोगेश्वरीच्या काकूंच्या केसचे किस्से मला अजून झोंबतात.

काकू मूळच्या मालवणकडच्या. त्यांच्या नवऱ्याने आणि दिराने गोरेगावात मिळून एक तुकडा घेतला होता. नवरा गेला आणि काही वर्षांनी काकूंना कळलं, कागदावर आता एकट्या दिराचं नाव आहे.

आम्ही चौकशीला गेलो. क्लार्क म्हणाला, "नोटीस दिली होती की." दिली होती खरी, काकूंच्या नवऱ्याच्या नावाने.

मी म्हटलं, "अहो, ते तर आधीच वारले होते."

क्लार्क शांतपणे म्हणाला, "असेल. पण त्यांनी मुदतीत हरकत घेतली नाही ना."

*

आम्ही वरच्या महसूल अधिकाऱ्यांकडे अपील केलं. तारखेला गेलं की कधी साहेब मीटिंगला, कधी इलेक्शन ड्युटीवर. काकू गुडघे धरत जिने चढायच्या आणि पुढची तारीख घेऊन उतरायच्या. शेवटी एकदाची सुनावणी झाली. आता फक्त निकाल यायचा होता. तर साहेबांची बदली झाली.

नवे साहेब म्हणाले, "मी काही ऐकलेलं नाही. पहिल्यापासून सुरू करू."

मग तेही ऐकेनात.

*

एकदा आम्ही बाहेर बाकावर ताटकळत होतो. शिपाई चहा घेऊन आत गेला, दार उघडं राहिलं. आत साहेबांसमोर काकूंचा दीर बसलेला, हातात कप.

मी सरळ आत गेले. "सर, केस चालू असताना समोरची पार्टी इथे कशी?"

"ते दुसऱ्या कामासाठी आलेत, मॅडम."

काकू माझ्या मागे दारात उभ्या होत्या. त्या म्हणाल्या, "तेंची दोन कामां होतत. माझा एक होणा नाय."



*

मग आम्ही हायकोर्टात गेलो. सरकारी वकील म्हणाले, अधिकाऱ्यांवर कामाचा फार बोजा आहे. न्यायमूर्ती म्हणाले, "या बाईंच्या वयाचाही बोजा आहे." त्यांनी मुदत घालून दिली: दोन्ही बाजू ऐका आणि निकाल द्या.

मुदतीच्या शेवटच्या दिवशी आम्ही सकाळपासून बाकावर. शिपाई म्हणाला, "साहेब साइटवर गेलेत." ऑफिस बंद होईपर्यंत बसलो. नंतर निकाल हातात आला. तारीख त्याच दिवसाची. अपील फेटाळलेलं. आणि त्यात वाक्य होतं, "अपीलदार यांचे म्हणणे सविस्तर ऐकून घेतले."

काकूंनी मला ते पुन्हा वाचायला लावलं. मग म्हणाल्या, "गो बाय, माका कोणी इचारल्यानच नाय."

*

आम्ही पुन्हा हायकोर्टात गेलो. तो निकाल रद्द झाला. केस दुसऱ्या अधिकाऱ्यांकडे गेली आणि त्यांनी काकूंना खुर्ची देऊन तासभर ऐकलं. कागदावर काकूंचं नाव लागलं. पण रद्द कसा झाला, ते सांगायचं राहिलं.

त्या दिवशी तो निकाल देणाऱ्या साहेबांना कोर्टात हजर राहायला सांगितलं होतं. न्यायमूर्तींनी इंग्रजी सोडून मराठीत विचारलं, "या बाईंना तुम्ही स्वतः ऐकलंत?"

"हो, सर."

"समोर बसवून?"

"हो सर, सविस्तर."

"त्या आज इथे आल्यात. कुठल्या, दाखवा जरा."

मागच्या बाकावर तीन बायका बसल्या होत्या. साहेब वळले. बराच वेळ बघत राहिले. मग त्यांनी कडेच्या, हिरव्या साडीतल्या बाईंकडे बोट केलं.

त्या बाई घाबरून उभ्या राहिल्या आणि हात जोडून म्हणाल्या, "साहेब, माझी भाडेकरूची केस आहे."