घासून आलेली भांडी

सिनेमासाठी घर लावणं हे माझं काम. भिंती दुसरे उभारतात. त्या भिंतींच्या आत कुणीतरी राहतं असं वाटायला लावणं माझ्याकडे. खुंटीवरचा शर्ट, फळीवरचे डबे, दाराआडचा झाडू. त्यात स्वयंपाकघर मला नेहमीच अवघड गेलं. ते मी बायकोच्या भरवशावर करायचो. सामान लावून झालं की तिला घरी, ऊर्जानगरला फोटो पाठवायचा. "मीठ इतकं लांब कोण ठेवतं?" एवढंच उत्तर यायचं, आणि ते बरोबर असायचं.

ती गेल्यावर उन्हाळाभर मी काम घेतलं नाही. पावसाळा सरल्यावर आलापल्लीच्या पुढे एका खेड्यात चित्रीकरण ठरलं. आपल्याच भागातलं म्हणून हो म्हणालो. मनात मात्र ठरवलं होतं, हे स्वयंपाकघर जमलं नाही तर यापुढे हा धंदा नको.

गोष्टीतली म्हातारी त्या घरात एकटी राहते. घर बंद पडलेलं होतं. चूल नव्यानं घातली, जमीन सारवून घेतली. भांडी मात्र वापरातलीच हवी होती. शेजारी धानाची शेती करणारं कुटुंब होतं. तिथल्या बाईंना म्हणालो, तुमची रोजची चुलीवरची भांडी चित्रीकरणापुरती द्याल का? त्या आनंदानं तयार झाल्या.

दुसऱ्या दिवशी सकाळी त्या आणि त्यांची जाऊ टोपली घेऊन आल्या. भात शिजवायचा गंज, कढई, तवा, सगळं राखेनं आणि चिंचेनं घासून लखलखीत. काजळीचा ठिपकाही उरला नव्हता. पहिला शॉट दुपारनंतर होता.

"काय झालं भाऊ? कमी पडले का?"

"नाही बाई. मला काळीच हवी होती. होती तशी."

"लोकायच्या घरी काळा गंज धाडाचा? माह्या सासूनं मले घराबाहेर काढलं असतं."

"माहे हात दुखून राह्यले," जाऊ म्हणाली, "अन् हे म्हनते, काळी पायजे."

रंगानं काजळी करता येते. पण ती हाताला लागत नाही, आणि या शॉटमध्ये म्हातारी गंज उतरवून काळा झालेला हात पदराला पुसणार होती. मी फोन काढला, चुलीचा एक फोटो घेतला, आणि पाठवायला कुणी नाही हे लक्षात आल्यावर फोन खिशात ठेवला.

मग म्हणालो, "बाई, आज इथंच रांधू या."

"किती मानसायचं?"

"जेवढी आहेत तेवढ्यांचं."

जाऊ तांदूळ आणि लाखोरीची डाळ घेऊन आली. धूर हवा म्हणून मी ओलसर लाकडं मागवली. बाई चुलीपुढे बसल्या आणि मी लावलेल्या वस्तू न विचारता हलवू लागल्या. तेलाची बाटली डाव्या हाताशी आली, चिमटा गुडघ्यापाशी. आता इथलं काही परत जागेवर ठेवू नका, असं मी माझ्या माणसांना सांगितलं.

"तुमच्या घरी कोन रांधते भाऊ?"

"बायको रांधायची. आता नाही ती."

फुंकणी माझ्याकडे सरकवून त्या म्हणाल्या, "मंग फुका. नुस्तं बसून राह्यले तं भात शिजनार नाई."

जाऊ तोंडाला पदर लावून हसली. मी फुंकत राहिलो.

डाळ थोडी करपली, तरी सगळे पोटभर जेवले. तोवर गंज बुडाशी काळा झाला होता, काठाला भाताची पेज उतू जाऊन वाळली होती. पहिल्या टेकला धुरानं म्हाताऱ्या नटीला खोकला आला. दुसऱ्याला तिनं गंज उतरवला, काळा झालेला हात एकदा पाहिला आणि पदराला पुसला. दिग्दर्शकानं माझ्याकडे बघून मान डोलावली.

भांडी मी घासून देतो म्हणालो, तर बाईंनी टोपली ओढूनच घेतली. "राहू द्या. तुमच्यानं निंघनार नाई ते."

त्याच आठवड्यात पुढच्या सिनेमासाठी निर्मात्यांकडून फोन आला. मी फक्त बाहेरच्या खोल्या कराव्यात, स्वयंपाकघर ते दुसऱ्या कुणाला देतील, असं त्यांनी बायको गेल्याचं कळल्यामुळे काळजीपोटी सुचवलं.

"नको," मी म्हणालो. "तेही माझ्याकडेच असू द्या."