घडी न मोडलेला माल

धाकटा गेल्यावर आमच्या घरात त्याच्या नावाने हाक मारणारं एकच उरलं होतं, त्याचा गेमचा डबा. डबा म्हणायची मीच. तो चिडायचा. "कन्सोल म्हण गं ताई, डबा काय डबा?" टीव्ही लावला की त्याच्यासोबत तो डबाही जागा व्हायचा आणि पडद्यावर पाटी यायची: नवा क्रिकेट गेम येतोय, इतके दिवस उरले, तयार आहेस ना? खाली धाकट्याने स्वतःला घेतलेलं खेळातलं नाव. हा नवा गेम त्याने आगाऊ पैसे भरून मागवून ठेवला होता. रोज एक दिवस कमी होत होता आणि रोज त्याला विचारलं जात होतं, तयार आहेस ना.

अण्णा, म्हणजे आमचे वडील, पाटी आली की मान खाली घालायचे. बातम्या सुरू झाल्याचं कानाने कळलं की मगच वर बघायचे.

ते पावसाने दडी मारलेलं साल होतं. आम्ही राहतो ती सोसायटी बीड बायपासच्या पलीकडे, शहर जिकडे हातपाय पसरत गेलं तिकडे. फ्लॅट दाखवताना बिल्डरने स्वयंपाकघरातला नळ मोठ्या कौतुकाने दाखवला होता, त्यातून पाणी येताना दाखवायचं तेवढं राहून गेलं. बोअर आटले आणि सगळा भाग टँकरवर आला. टँकरवाल्यांना फेरीवर पैसे, त्यामुळे ते सुसाट. धाकटा शेंद्र्याच्या कंपनीतून पाळी संपवून घरी येत होता. वळणावर टँकरने त्याला घेतलं. त्याचा फोनही चाकाखाली गेला, आणि फोनमध्ये होते तेवढे सगळे व्हिडिओ गेले. रस्त्यावर सांडलेलं पाणी भरून घ्यायला लोक कळशा घेऊन आले होते असं मला नंतर कोणीतरी सांगितलं. सांगायची काही गरज नव्हती.

आता त्या डब्यात काय होतं ते सांगते, कारण पुढचं सगळं त्याच्यावर आहे. जुन्या क्रिकेटच्या गेममध्ये धाकट्याने आमच्या घराची टीम बनवली होती. त्यात आपल्याला हवे तसे खेळाडू घडवता येतात. उंची, नाक, केस, चालणं, सगळं. अण्णांना त्याने सलामीला पाठवलं होतं, मिशीसकट. मी यष्टिरक्षक, कारण त्याच्या मते मी आयुष्यभर दुसऱ्याच्या चुका पकडायला मागे उभी असते. आणि तो स्वतः डावखुरा बोलर. पळत येताना त्याचा उजवा खांदा जरा पडायचा, लहानपणी झाडावरून पडल्यापासून. तो पडका खांदासुद्धा त्याने किती संध्याकाळी खटपट करून त्या बोलरमध्ये आणला होता. अण्णा निवृत्त झाल्यापासून दोघं रोज खेळायचे. अण्णा पहिल्याच चेंडूवर आऊट व्हायचे आणि कंट्रोलर खराब आहे म्हणायचे.

आमच्याकडे त्याचे फोटो आहेत. पण पळणारा तो आमच्याकडे एवढाच होता. दहावा-बारावा उरकल्यावर एका संध्याकाळी अण्णांनी हळूच डबा लावला. खेळले नाहीत. नुसता बोलर धावत येऊ दिला, चेंडू टाकू दिला, पुन्हा धावत येऊ दिला. मी दारात उभी राहून बघत होते. मला वाटलं, हे आपल्याकडून कोणी नेऊ नये. देवाकडे एवढंच मागत होते असं म्हटलं तरी चालेल, आणि मी काही देवाचं फार करणारी नाही.

अडचण होती ती त्या पाटीची. एक दिवस अण्णा म्हणाले, "बाई, ते नवं येनारं परत कर. रोज पोराला बोलावतंय ते. मला ऐकवत नाय."

मी म्हटलं, "येऊ दे की अण्णा. आपण खेळू."

"त्यानं मागवलं होतं. घडी त्यानंच मोडायची व्हती. आपन कशी मोडायची?"

अण्णांचा जन्म गुलमंडीच्या बाजारात, कापडाच्या दुकानात गेला. आजोबा दौलताबादच्या बाजूला मेंढरं चारायचे. अण्णा पोरवयात शहरात आले, गादीवर बसले ते थेट गुडघे गेल्यावरच उठले. नोकर म्हणून बसले, मालक म्हणून नव्हे. बायका चार साड्या पसंतीला घरी न्यायच्या, एक ठेवायच्या, तीन परत आणायच्या. साडीची घडी मोडली नसेल, फॉल-पिको झालं नसेल, तर माल परत. ह्याला चिठ्ठी लागत नसे. घडी मोडली आहे की नाही हे अण्णा बोट फिरवून सांगायचे. एका दुष्काळात मात्र लग्नाचे बस्तेच्या बस्ते परत यायला लागले. लग्नं पुढे ढकलली, काही मोडलीच. मालकाने पाटी लावली, विकलेला माल परत घेतला जाणार नाही, आणि त्या पाटीखाली उभं राहून लोकांना नाही म्हणायला अण्णांना ठेवलं. पण त्या वर्षीसुद्धा ज्या घरात मयत झाली त्या घरचा माल मालक निमूट परत घेत होता. का, कशाला, कधी, काहीही विचारायचं नाही. बसवायचं, चहा मागवायचा, माल घ्यायचा, पैसे द्यायचे. तो बाजाराचा रिवाज होता आणि अण्णांना त्याचा अभिमान होता.

मी माझा संसार सोडून माहेरी परत आले तेव्हाही त्यांनी मला काही विचारलं नव्हतं. चहा टाकायला सांगितलं होतं.

मी कंपनीचे नियम वाचले. ते वाचून माणूस म्हातारा होईल इतके होते. सार एवढंच होतं की आगाऊ मागवलेला गेम बाजारात यायच्या आत परत करता येतो. आल्यावर, डाउनलोड होऊन डब्यात उतरायला लागला, की परत घेत नाहीत. आणि धाकट्याने डब्याला असं सांगून ठेवलं होतं की गेम आला की आपोआप उतरवून घे. हे मी अण्णांना सांगितलं.

"म्हंजे घडी मोडली नाय तर परत," ते खूश झाले. "बघ, समदीकडं कायदा एकच." त्याच दिवशी त्यांनी डब्याची वायर काढली, चुकून उतरायला नको म्हणून, आणि डब्यावर मलमलचं फडकं घातलं. ज्या दिवशी परत करायचं ठरलं त्या रविवारी सकाळीच वायर पुन्हा लावली, बोलरला एकदा धावताना पाहिलं, आणि टीव्ही तसाच चालू ठेवून माझ्या शेजारी येऊन बसले.

धाकट्याच्या लॅपटॉपवर त्याचं सगळं उघडंच होतं. मी कंपनीच्या मदतीच्या चॅटमध्ये गेले. आधी यंत्र बोललं. परत करण्याचं कारण निवडा. चुकून घेतला. मुलाने न विचारता घेतला. आवडला नाही. दोनदा घेतला. मी एकेक मराठीत करून अण्णांना वाचून दाखवलं.

"ह्याच्यात माणूस गेला असं कुठाय?" अण्णांनी विचारलं.

नव्हतं. मी 'चुकून घेतला' वर बोट ठेवलं. मग खरा माणूस आला. त्याने नमस्कार केला, नाव सांगितलं, आणि विचारलं, मी खातेदाराशीच बोलतोय ना? मी 'हो' टाइप केलं, पण पाठवायच्या आत अण्णांनी विचारलं, "काय म्हनतोय?"

मी सांगितलं.

"मंग तू काय लिहिलं?"

"हो लिहिलं. दुसरं काय लिहू?"

"पूस ते. सांग त्याला, पोरगा गेला म्हनून."

मला ह्याच गोष्टीची भीती होती. मी लॅपटॉप मांडीवरून बाजूला ठेवला आणि त्यांना नीट समजावून सांगितलं, लहान मुलाला सांगावं तसं. अण्णा, खातं एका माणसाचं असतं. ते दुसऱ्याला वापरता येत नाही असं नियमातच आहे. तो गेला हे त्यांना कळलं तर ते खातं बंद करतील. मग टीम पण जाईल. तुम्ही, मी, तो, सगळे. मी नुसतं हो म्हणते, गेम परत जाईल, पाटी जाईल, बाकी राहील.

अण्णांनी टीव्हीवरच्या टीमकडे पाहिलं. मग म्हणाले, "त्याच्या नावानं खोटं बोलायचं? तो गेल्यावर?" आणि थोड्या वेळाने, "तिकडं बी मानसंच हायेत ना, माय. मयताच्या घरी असं कोन करतंय? तू सांगून तर बघ."

मी भांडायला हवं होतं की नाही, ह्यावर मी आजवर विचार केलेला नाही आणि करणारही नाही. त्यांचा पोरगा होता. मी 'हो' पुसलं आणि लिहिलं की खातेदार माझा भाऊ होता, अपघातात वारला, वडिलांच्या सांगण्यावरून गेम परत करतो आहोत, घडी मोडलेली नाही. शेवटचं वाक्य अण्णांनी घालायला लावलं. इंग्रजीत ते वेडगळ दिसत होतं, पण घातलं.

पलीकडून उत्तर आलं. तुमच्या कुटुंबाच्या दुःखात आम्ही सहभागी आहोत, असं चार ओळींचं, इतकं नीटनेटकं की कुठूनतरी उचलून चिकटवलेलं कळत होतं. अण्णांना मी ते वाचून दाखवलं. त्यांनी मान डोलावली. म्हणाले, "बघ. म्हनलं नव्हतं?"

मग दुसरा निरोप आला. गेमचे पैसे परत केले आहेत. ज्या कार्डावरून भरले त्याच कार्डावर जातील. ते कार्ड धाकट्याचं. बँकेने ते कधीच बंद केलं होतं, आणि त्या बँकेत मी किती चकरा मारत होते ते मलाच माहीत. पण पैशाचं आम्हाला पडलं नव्हतं. खाली आणखी दोन ओळी होत्या. खातेदाराच्या सुरक्षिततेसाठी हे खाते आत्तापासून बंद करण्यात येत आहे. खात्यावरची इतर खरेदी दुसऱ्या व्यक्तीला देता येत नाही.

हे मी अण्णांना सांगायच्या आत टीव्हीनेच सांगितलं. धाकट्याचं चित्र गेलं, टीम गेली, आणि निळ्या पडद्यावर पासवर्ड मागणारी एक रिकामी चौकट आली. अण्णा उठले. कंट्रोलर घेऊन बटणं दाबायला लागले, आधी सावकाश, मग जोरजोरात. "ह्याला काय झालं? हे खराब झालंय का?"

"गेलं, अण्णा."

त्यांनी माझ्याकडे बघितलं, आणि त्यांना कळलं. मी त्यांना दवाखान्याच्या पायरीवर पाहिलं आहे, स्मशानातही पाहिलं आहे. त्यांचा चेहरा तेव्हा असा झाला नव्हता.

"लिही," ते म्हणाले. "लिही त्याला. म्हनावं, परत नाय करायचं आम्हाला. माल आमच्याकडंच ऱ्हाऊ द्या, पैसे बी ठिवा. नुसती आमची टीम चालू करा. दुसरं काय नको. खेळत नाय आम्ही, नुसतं बघतो म्हनावं."

मी सगळं लिहिलं. जसंच्या तसं, माझी अक्कल न घालता. पडद्यावर तीन टिंबं हलायला लागली. समोरचा लिहीत होता. टिंबं थांबली, पुन्हा हलली, पुन्हा थांबली. "लिहितोय," अण्णा म्हणाले. "करंल काईतरी. लिहितोय बघ अजून." इतका वेळ माणूस नाही म्हणायला लावत नाही असं मलाही वाटलं. मी चक्क आशा धरली. माझ्यासारखीने.

शेवटी एक ओळ आली. मी समजू शकतो, पण हे माझ्या अखत्यारीत नाही. त्याच्याखाली, आणखी काही मदत हवी आहे का? मी काही लिहिलं नाही. जरा वेळाने चॅट आपोआप बंद झालं आणि एक नवी चौकट उघडली. पाच तारे. आज तुम्हाला मदत करणाऱ्या आमच्या प्रतिनिधीला किती तारे द्याल?

मला इतका राग चढला की मी एका ताऱ्यावर बोट नेलं. एकापेक्षा कमी देता येत नाही म्हणून एक.

"काय विचारतंय?" अण्णा म्हणाले. कंट्रोलर अजून त्यांच्या हातातच होता.

"त्या पोराने काम कसं केलं ते विचारतायत."

"पाच दे."

"अण्णा!"

"त्याच्या हातात नव्हतं ते. पाटी मालक लावतो, शिव्या नोकर खातो. मी लई खाल्ल्यात. पाच दे."

मी त्यांच्याकडे बघत राहिले. मला ओरडायचं होतं की तुमचा रिवाज, तुमचा बाजार, तुमचा चांगुलपणा घेऊन बसा, माझा भाऊ दुसऱ्यांदा गेला. ते शांतपणे माझ्या बोटाकडे बघत होते, मी काय दाबते ते पाहायला. मी पाच दाबले. धाकट्याच्या मयतीत मला रडायला वेळ मिळाला नव्हता, सगळं मलाच बघावं लागलं होतं. आत्ता रडू फुटलं, आणि त्यात दुःख कमी होतं. अण्णांचाच राग होता तो. अजूनही आहे.